पुकारा आणि आपली हजेरी

(विहाराच्या वर्धापनदिनी केलेल्या भाषणाचा मजकूर)

 

वर्धापनदिनाला कुणी धम्मावर बोलतं, कुणी मुलांच्या शिक्षणावर बोलतं. समितीने आम्हाला विषय विचारला तेव्हा आम्ही सांगितलं, 'कोर्टाची तारीख.' काही जण हसले. पण विषय हसण्यासारखा नाही. या विहाराच्या पायरीवर बसून आम्ही वस्तीतल्या पुष्कळ लोकांचे कोर्टाचे कागद वाचून दिलेले आहेत. कुणाची गावची जमीन, कुणाची चाळीतली खोली, कुणाच्या लेकीची पोटगी, कुणाचे कारखान्याकडून यायचे पैसे. त्यात गेलेले दावे बरेच पाहिले. आणि वाईट याचं वाटलं की त्यातल्या अनेक दाव्यांत न्यायाधीशाने दोन्ही बाजू ऐकून आपल्या माणसाला खोटं ठरवलं, असं झालेलंच नव्हतं. शेवटच्या पानावर एवढंच होतं: पुकारा केला, वादी गैरहजर, सबब दावा काढून टाकण्यात येतो. माणूस खरा होता की खोटा, हे तपासण्याची वेळच आली नाही.

आम्ही वकील नाही. गिरणीत पाळी करून, रात्री पुस्तकं वाचून आणि कोर्टाच्या व्हरांड्यात उभं राहून जे समजलं ते सांगतो. आपण कामगार माणसं असल्यामुळे एक गोष्ट आपल्याला लवकर कळेल. गिरणीत भोंगा झाल्यावर हजेरी लागली नाही तर खाडा पडतो. मग तुम्ही कितीही चांगले कारागीर असा, त्या दिवसाची मजुरी गेली. कोर्टातही तसाच खाडा असतो. फरक एवढाच की गिरणीतल्या खाड्याने एक दिवस जातो आणि कोर्टातल्या खाड्याने बापाने वीस वर्षं लढवलेली जमीन जाऊ शकते.

आता हे घडतं कसं ते पाहू. दिवाणी दावे १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेप्रमाणे चालतात. तिच्यात 'ऑर्डर ९' म्हणून जो भाग आहे, तो सगळा हजेरी-गैरहजेरीचाच आहे. पट्टेवाला दाराशी येऊन नाव पुकारतो. तेव्हा समजा दोन्ही बाजूंपैकी कुणीच आलेलं नाही, तर नियम ३ प्रमाणे दावा काढून टाकता येतो. प्रतिवादी आला आणि वादी आला नाही, तर नियम ८ प्रमाणे दावा काढून टाकतात; प्रतिवादीने जेवढं कबूल केलं असेल तेवढ्यापुरताच वादीला हुकूमनामा मिळतो. आणि वादी आला, समन्स नीट बजावलेलं असूनही प्रतिवादी आला नाही, तर नियम ६ प्रमाणे दावा एकतर्फी चालतो. म्हणजे हजेरीचा धाक वादीलाही आहे आणि प्रतिवादीलाही आहे.

यातला पहिल्या आणि दुसऱ्या प्रकारातला फरक नीट ध्यानात ठेवा, कारण लोक इथेच फसतात. कुणीच हजर नव्हतं म्हणून दावा गेला असेल, तर मुदतीचा कायदा आड येत नसेल तर नवा दावा आणता येतो, किंवा जुनाच परत लावून घेण्याचा अर्ज देता येतो. पण समोरचा हजर होता आणि आपण नव्हतो, म्हणून दावा गेला असेल, तर नियम ९ प्रमाणे त्याच कारणावर नवा दावा आणता येत नाही. तो दरवाजा बंद झाला. जुना दावा परत लावून घेणं एवढाच रस्ता उरतो. वाटणीच्या दाव्यात कोर्टांनी थोडी सवलत मानलेली आहे, कारण एकत्र मिळकतीतला हिस्सा मागण्याचा हक्क वाटणी होईपर्यंत चालूच राहतो. पण तेवढ्यावर विसंबून घरी बसू नये.

कधी कधी तर दावा पुकाऱ्यापर्यंतही पोचत नाही. समोरच्याला समन्स पाठवण्याचे पैसे भरले नाहीत म्हणून दावा निघतो. समन्स बजावल्याशिवाय परत आलं आणि सात दिवसांत नवीन समन्स मागितलं नाही, तरीही निघतो. पूर्वी ही मुदत जास्त होती, २००२ पासून ती सात दिवसांवर आली. आपल्या माणसाला वाटतं दावा दाखल केला म्हणजे तो आपोआप चालू लागला. दावा हा हातगाडीसारखा असतो. ढकलणारा थांबला की गाडी थांबते.

आता कुणी म्हणेल, हा कायदा गरिबांच्या विरुद्ध आहे. आम्हाला तसं सरसकट म्हणायचं नाही. समजा आपल्यावरच कुणी खोटा दावा लावला आणि स्वतः वर्षानुवर्षं आलाच नाही. आपण मात्र दर तारखेला खाडा करून हजर. अशा वेळी तो दावा काढून टाकणं हा न्यायच आहे. पण नियम सर्वांना सारखा असला तरी त्याचा भार सर्वांवर सारखा पडत नाही, हेही तितकंच खरं. बंगलेवाल्याची तारीख त्याचा वकील आणि त्याचा कारकून सांभाळतो. आपल्या माणसाची जमीन कोकणातल्या नाहीतर घाटावरच्या तालुक्याच्या कोर्टात आणि पोट इथे शहरात. तारखेसाठी रात्रीची एस.टी. धरायची, दिवसभर व्हरांड्यात बसायचं, चार वाजता कळायचं की साहेब रजेवर आहेत, पुढची तारीख दोन महिन्यांनी. असं पाच-सहा वेळा झालं की माणूस म्हणतो, जाऊ दे, या खेपेला काही होणार नाही. आणि नेमका त्याच खेपेला पुकारा होतो.

त्यात पत्त्याचा घोळ असतो. चाळ पाडली, माणसं भाड्याने गेली किंवा संक्रमण शिबिरात गेली. कोर्टात पत्ता जुनाच. नोटीस पाडलेल्या चाळीच्या नावाने जाते आणि शेरा लागून परत येते. वकील म्हातारे होतात, वारतात, गाव बदलतात. कुणी वकील 'पक्षकाराकडून सूचना नाहीत' अशी पुरशिस देऊन मोकळे होतात. वकिलाने पक्षकाराला आधी कळवायला पाहिजे, पण ते पत्रही जुन्याच पत्त्यावर जातं. एका घरी आम्ही पाहिलं, ती माउली दर महिन्याला देव्हाऱ्याजवळच्या पत्र्याच्या पेटीतून दाव्याचे कागद काढून पुसून ठेवायची. दावा निघून तीन वर्षं झाली होती. तिला कुणी सांगितलंच नव्हतं.

बंधू-भगिनींनो, या विषयाचा आपल्या इतिहासाशी काय संबंध, असं वाटत असेल तर महाडला चला. २० मार्च १९२७ आपल्या लहान पोरालाही पाठ आहे. चवदार तळ्याचं पाणी बाबासाहेबांनी ओंजळीत घेतलं तो दिवस. पण त्याच तळ्यावरून एक दिवाणी दावा चालला होता, त्याच्या तारखा आपल्यापैकी किती जणांना ठाऊक आहेत? १२ डिसेंबर १९२७ ला महाडच्या काही स्पृश्य रहिवाशांनी तिथल्या कोर्टात बाबासाहेबांवर आणि त्यांच्या सहकाऱ्यांवर दावा लावला. तळं खाजगी आहे, अस्पृश्यांना तिथे जाण्याचा हक्क नाही, असं त्यांचं म्हणणं होतं. दोनच दिवसांनी, १४ डिसेंबरला, कोर्टाने तात्पुरती मनाई दिली. महिनाअखेरीला सत्याग्रहासाठी हजारो लोक महाडला जमले. बाबासाहेबांनी लोकांची समजूत घातली, कोर्टाचा मनाईहुकूम मानला आणि तळ्यावर पाणी घेण्याचा सत्याग्रह स्थगित केला. तिथेच २५ डिसेंबरला मनुस्मृतीचं दहन झालं.

मनाईहुकूम मानला म्हणजे हार मानली का? नाही. लढाई कोर्टात नेली. ८ जून १९३१ ला महाडच्या कोर्टाने तो दावा फेटाळला. वादी ठाण्याला अपिलात गेले, तिथे १९३३ साली हरले. मग ते मुंबई हायकोर्टात गेले. तिथे १७ मार्च १९३७ ला न्यायमूर्ती ब्रूमफील्ड आणि न्यायमूर्ती वाडिया यांनी त्यांचं अपील फेटाळलं. अस्पृश्यांना तळ्यावर येऊ न देण्याची परंपरागत वहिवाट वादींना शाबीत करता आली नाही, असा निकाल झाला. हिशेब करा. दावा लागल्यापासून निकाल लागेपर्यंत नऊ वर्षं तीन महिने.

या नऊ वर्षांत बाबासाहेबांना दुसरी कामं नव्हती का? लंडनच्या गोलमेज परिषदा याच काळात झाल्या. १९३० चा नाशिकचा काळाराम मंदिर सत्याग्रह, १९३२ चा पुणे करार, १९३५ ची येवल्याची घोषणा, सगळं याच काळातलं. तरी महाडचा दावा वाऱ्यावर सोडला गेला नाही. एक गोष्ट लक्षात घ्या, त्या दाव्यात बाबासाहेब प्रतिवादी होते. प्रतिवादींच्या बाजूने कुणी उभंच राहिलं नसतं तर दावा एकतर्फी चालला असता. वादींच्या पुराव्याला उलट प्रश्न विचारणारं कुणी राहिलं नसतं आणि तळ्यावरची मनाई कायम होण्याचा धोका होता. सत्याग्रहाने जे मिळवलं ते एका गैरहजेरीने कागदावर गेलं असतं. म्हणून आम्ही म्हणतो, तारखेला उभं राहणं हेही चळवळीचंच काम आहे. त्या कामाला फोटो नसतो, हार नसतो, पण ते केलं नाही तर बाकीचं केलेलं वाया जातं.

आता दावा निघालाच तर काय करावं? पहिली गोष्ट, रडत बसू नये. दिवस मोजावेत. १९६३ च्या मुदतीच्या कायद्याप्रमाणे गैरहजेरीत काढलेला दावा किंवा अपील परत लावून घेण्याच्या अर्जाला, दावा निघाल्या तारखेपासून तीस दिवसांची मुदत आहे. आपल्याला कळल्या तारखेपासून नव्हे. एकतर्फी हुकूमनामा रद्द करून घ्यायलाही तीस दिवसच आहेत, पण समन्स नीट बजावलंच नसेल तर तिथे मात्र कळल्या तारखेपासून दिवस धरतात. अर्ज त्याच कोर्टात द्यायचा असतो आणि हजर न राहण्याला पुरेसं कारण होतं हे दाखवायचं असतं. नुसतं 'आजारी होतो' म्हणून भागत नाही. दवाखान्याचा कागद, ॲडमिट असल्याचा दाखला, गाडी बंद पडली असेल तर तिकीट, जे असेल ते प्रतिज्ञापत्रासोबत जोडावं. तीस दिवस उलटून गेले असतील तर त्याच्याबरोबर विलंबमाफीचा वेगळा अर्ज द्यावा लागतो. अर्ज नामंजूर झाला तर त्याच्यावर अपील आहे.

वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला होते का, हा प्रश्न आम्हाला नेहमी विचारतात. याबाबत सुप्रीम कोर्टाचा १९८१ चा रफिक विरुद्ध मुन्शीलाल हा निकाल आपल्या बाजूचा आहे. वकील हजर राहिला नाही म्हणून हायकोर्टाने अपील काढून टाकलं होतं. सुप्रीम कोर्टाने ते परत लावून दिलं. खेड्यातला माणूस वकील देतो, फी देतो आणि विश्वासाने घरी जातो, त्याने वकिलावर पहारा ठेवायचा नसतो, असा त्या निकालाचा आशय आहे. पण याच्या भरवशावर झोपू नका. १९९३ साली सलील दत्ता प्रकरणात त्याच सुप्रीम कोर्टाने सांगितलं की वकिलाकडे बोट दाखवलं म्हणजे प्रत्येक वेळी सूट मिळेलच असा नियम नाही. त्या प्रकरणात पक्षकार एक कंपनी होती, तिला सगळं समजत होतं. म्हणजे कोर्ट माणूस बघतं, त्याची धडपड बघतं. तुम्ही चौकशी करत होता, पत्र लिहिलं होतं, वकिलाकडे गेला होता, हे दाखवता आलं तर तुमचं म्हणणं वजनदार होतं.

दुसरी गोष्ट मृत्यूची. आपल्याकडे दावा लावतो बाप आणि निकाल बघतो नातू. वादी वारला तर नव्वद दिवसांच्या आत त्याच्या वारसांची नावं दाव्याला लावून घ्यावी लागतात. नाही लावली तर त्याच्यापुरता दावा आपोआप संपतो. मग तो जिवंत करण्यासाठी पुढच्या साठ दिवसांत अर्ज, आणि तेही दिवस गेले तर पुन्हा विलंबमाफी. घरात दुःख असतं तेव्हा कोर्ट कुणाला आठवणार? पण नव्वद दिवस कुणासाठी थांबत नाहीत.

फौजदारीत आणखी कडक आहे. पोलिसांनी गुन्हा नोंदवलेला खटला सरकार चालवतं, तिथे फिर्यादी एका तारखेला आला नाही म्हणून खटला निघत नाही. ॲट्रॉसिटीचा खटला असाच सरकारचा असतो. परंतु आपले साक्षीदार साक्षीला गेलेच नाहीत तर आरोपी सुटणार, हे सांगायला नको. साक्षीला जाणाऱ्यांना प्रवासखर्च आणि भत्ता देण्याची तरतूद १९९५ च्या ॲट्रॉसिटी नियमांत आहे, ती हक्काने मागावी. पण आपण स्वतः मॅजिस्ट्रेटकडे दाखल केलेला समन्स खटला असेल, उदाहरणार्थ न वटलेल्या चेकचा, आणि आपण हजर राहिलो नाही, तर आरोपी निर्दोष सुटतो. जुन्या संहितेत हे कलम २५६ होतं. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ते कलम २७९ आहे आणि आता फिर्यादीला हजर होण्यासाठी तीस दिवस द्यावे लागतात. एकदा आरोपी सुटला की मॅजिस्ट्रेटला तो खटला परत लावून घेता येत नाही, वरच्या कोर्टात जावं लागतं.

कामगारांसाठी एक सांगतो. औद्योगिक न्यायाधिकरणात गैरहजेरीत एकतर्फी निवाडा झाला तर सगळं संपलं असं समजू नये. पुरेसं कारण असेल तर न्यायाधिकरणाला आपला एकतर्फी निवाडा मागे घेता येतो, असा ग्रिंडलेज बँकेच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाचा १९८० सालचा निकाल आहे. मात्र निवाडा अंमलात येण्यापूर्वी धावलं पाहिजे.

पैशाचं कारण पुष्कळ जण सांगतात. त्यावरही उत्तर आहे. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जातीच्या माणसाला, प्रत्येक स्त्रीला आणि औद्योगिक कामगाराला सरकारी खर्चाने वकील मिळतो. त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. बौद्धांना अनुसूचित जातीचा दर्जा १९९० च्या दुरुस्तीने मिळालेला आहे, तेव्हा दाखला जवळ ठेवा. तालुक्याच्या कोर्टातच विधी सेवा समितीचं कार्यालय असतं. १५१०० या फोनवर विचारलं तरी माहिती देतात. ही भीक नव्हे, हक्क आहे.

आता आमची सूचना. विहार समितीने एक तारीखवही ठेवावी. वस्तीतल्या ज्या घराचा दावा चालू असेल त्याने कोर्टाचं नाव, दाव्याचा नंबर, वकिलाचं नाव आणि पुढची तारीख तिच्यात लिहावी. प्रत्येक दाव्याला कोर्टाचा सोळा अंक-अक्षरांचा सी.एन.आर. नंबर असतो, तो जरूर लिहावा. तो घालून मोबाईलवर ई-कोर्टच्या ॲपमध्ये मागच्या तारखेला काय झालं आणि पुढची तारीख कोणती, हे फुकट दिसतं. आपली कॉलेजची पोरं दिवसभर मोबाईल बघतात, त्यांनी रविवारी वंदनेनंतर अर्धा तास हे काम करावं. येत्या आठवड्याच्या तारखा फळ्यावर लिहाव्यात. दुसऱ्याच्या घरचं भांडण आपल्याला नको, अशी शंका कुणी काढील. वहीत भांडण लिहायचं नाही, तारीख लिहायची.

वकील हजर असला तर ती हजेरी धरतात, प्रत्येक तारखेला आपण गेलंच पाहिजे असं नाही. पण साक्षीच्या तारखेला गेलंच पाहिजे. एकटी बाई किंवा म्हातारं माणूस असेल तर वस्तीतून एकाने सोबत जावं. पत्ता बदलला की वकिलाला आणि कोर्टाला लेखी कळवावं. आणि कुणाच्या घरी पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम असतो तेव्हा तिथे जमलेल्या जाणत्या माणसांनी घरच्यांना हळूच एक प्रश्न विचारावा, 'दादांचं कोर्टात काही चालू होतं का?' या एका प्रश्नाने एखाद्या घरची जमीन वाचेल.

भगवान बुद्धांनी अप्रमादाला, म्हणजे गाफील न राहण्याला, फार मोठं स्थान दिलेलं आहे. त्यावर भन्तेजी आमच्यापेक्षा चांगलं सांगतील. आम्ही एवढंच म्हणतो की गाफीलपणा कोर्टात महाग पडतो, आणि तो एकट्याने टळत नाही, चार जणांनी मिळून टळतो. तारीखवहीसाठी शंभर पानी वही आम्ही सोबत आणलेली आहे, ती अध्यक्षांच्या हाती देतो. कार्यक्रम संपल्यावर भोजनाला बसण्याआधी ज्यांच्या तारखा या महिन्यात आहेत त्यांनी त्या लिहून जाव्यात.